समुद्रापलीकडचे साठ दिवस

जलीब अल शुयूखमध्ये, अब्बासियात किंवा हसावीत दिवसभराचं काम आटोपून हे वाचत असाल, तर आजचा विषय तुमच्या गावाकडच्या कपाटातल्या एका फाइलचा आहे. घराची, फ्लॅटची किंवा जमिनीच्या तुकड्याची फाइल. इथल्या पगारातून हप्ते भरून घेतलेली जागा, आणि तिच्यावर कमी भरलेल्या मुद्रांक शुल्काची आलेली नोटीस.

नोटिशीची भीती आपल्याला असतेच. पण खरा घात नोटीस करत नाही, तारीख करते. महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमाच्या कलम ५३ (१अ) प्रमाणे मुद्रांक जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश मान्य नसेल, तर तो मिळाल्यापासून ६० दिवसांत मुख्य नियंत्रक महसूल प्राधिकाऱ्यांकडे अपील करता येतं. साठ दिवस. इथं अर्ज करून सुट्टी मंजूर व्हायला कधी कधी तेवढेच लागतात.

हे साठ दिवस आले कुठून? समुद्रापलीकडे राहणाऱ्या माणसासाठी कायद्याचं घड्याळ कधी थांबत होतं का? थांबत होतं, तर ते पुन्हा चालू कुणी केलं? आज तोच इतिहास पाहू. तो जुना असला तरी तुमच्या फाइलशी त्याचा थेट संबंध आहे.

आधी वाद कसा उभा राहतो ते थोडक्यात. तुम्ही फ्लॅट घेतला, करारात एक किंमत लिहिली. सरकारकडे त्या भागाचे वार्षिक दर असतात, त्यांना आपण रेडी रेकनर म्हणतो. दोन्हींपैकी जी किंमत जास्त, तिच्यावर शुल्क. करारातली किंमत कमी वाटली, तर दुय्यम निबंधक किंवा नंतरची तपासणी ते प्रकरण मुद्रांक जिल्हाधिकाऱ्यांपुढं नेते. ते बाजारमूल्य ठरवतात आणि फरकाची मागणी करतात. शुल्क कमी भरलेला दस्त अडकवून ठेवला गेला, तर फरकावर दरमहा २ टक्के दंड चढतो, त्याची कमाल मर्यादा फरकाच्या चौपट. एक लाखाचा फरक दहा वर्षं राहिला, तर नुसता दंडच २ लाख ४० हजार होतो.

आता घड्याळ दोन्ही बाजूंनी पाहा. नोंदणी झाल्यापासून दहा वर्षांपर्यंत मुद्रांक जिल्हाधिकारी आपणहून जुना दस्त मागवून त्याचं मूल्य तपासू शकतात. जिल्हाधिकाऱ्यांनी दिलेलं प्रमाणपत्र चुकलं असं वरच्या अधिकाऱ्यांना वाटलं, तर ते बदलायला त्यांना सहा वर्षं आहेत. तुम्हाला मात्र साठ दिवस.

हे नेहमी असंच नव्हतं. मराठेशाहीत वतनाचे तंटे गोतसभेपुढं चालत आणि निवाड्याचा महजर होई. हरलेला पक्ष येजितखत लिहून देई, म्हणजे आपण हरलो अशी लेखी कबुली. जिंकणारा सरकारात हरकी भरी, हरणारा गुन्हेगारी भरी. पण एवढं होऊनही तंटा कायमचा मिटेलच असं नव्हतं. पाटीलकीचे, कुलकर्णाचे वाद पिढ्या उलटल्यावर नातवंडं पुन्हा उकरून काढत. एका ठिकाणी न्याय मिळाला नाही असं वाटलं, तर दुसरं थळ मागता येई. मुदत नावाची कडक रेघ त्या व्यवस्थेत नव्हती. सरकारचा पैसाही कागदावर नव्हे, तर निवाड्यावर मिळे.

इंग्रजांनी या दोन्ही गोष्टी बदलल्या. कागदावर कर घेण्याची युक्ती इंग्लंडमध्ये १६९४ साली फ्रान्सशी चाललेल्या लढाईच्या खर्चासाठी आली. तीच पुढं कंपनी सरकारनं १७९७ मध्ये बंगालला लागू केली आणि १८१५ मध्ये मुंबई इलाख्याला. पेशवाई गेल्यावर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनच्या कारकिर्दीत १८२७ ची नियमावली झाली. तिचा अठरावा नियम मुद्रांकाचा होता आणि पाचवा मुदतीचा. स्थावर मिळकतीवर तीस वर्षं मालकासारखा ताबा असेल, तर जुना दावा उकरायचा नाही, असं त्यात आलं. म्हणजे आज तुमच्या नोटिशीत एकत्र आलेली दोन धोरणं, मुद्रांक आणि मुदत, आपल्याकडं एकाच वर्षी एकाच संहितेत बसली.

आता येतो आपल्यासारख्यांचा प्रश्न. जो माणूस हजरच नाही, त्याचं काय?

इंग्लंडच्या १६२३ च्या मुदत कायद्यात याची सोय होती. अज्ञान मूल, वेड लागलेला माणूस, तुरुंगातला कैदी आणि 'समुद्रापलीकडे' असलेला माणूस, यांच्याविरुद्ध मुदत धावत नसे. परत आल्यावर त्यांचे दिवस मोजायला सुरुवात होई. हा कायदा मुंबईच्या सुप्रीम कोर्टातही चालत असे. तिथून एक दावा लंडनला प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला आणि १८५२ मध्ये त्याचा निकाल लागला: रखमाबाई विरुद्ध लल्लूभाई मोतीचंद. ही पुढं डॉक्टर झालेली रखमाबाई नव्हे, तिच्या आधीची. 'समुद्रापलीकडे' म्हणजे शब्दशः पाणी ओलांडलेला असाच अर्थ घ्यायचा का, हा त्यातला एक मुद्दा होता. प्रिव्ही कौन्सिलनं सांगितलं की नाही, राज्याच्या हद्दीबाहेर असलेला माणूस असा अर्थ घ्यायचा. थोडक्यात, मुंबईच्या कोर्टात एके काळी हद्दीबाहेरच्या माणसासाठी घड्याळ थांबत होतं, आणि तो ज्या वाटेनं गेला त्या वाटेत पाणी असायलाच हवं असंही नव्हतं.

ही सोय फार टिकली नाही. १८५६ मध्ये इंग्लंडनं व्यापारी कायदा सुधारताना परदेशी असलेल्या धनकोची सवलत काढून टाकली. आगबोटी आल्या होत्या, टपाल नियमित झालं होतं. लांब असणं ही सबब आता पुरेशी नाही, असा तो काळ होता. पाठोपाठ १८५९ मध्ये भारताचा पहिला एकसंध मुदत कायदा झाला. त्यात अज्ञान आणि वेडसर व्यक्तींना सवलत राहिली, परदेशात असलेल्या फिर्यादीला राहिली नाही.

आज चालू असलेल्या १९६३ च्या मुदत कायद्यात परदेशाचा उल्लेख आहे, पण उलट बाजूनं. कलम १५ (५) म्हणतं, ज्याच्यावर दावा करायचा तो प्रतिवादी भारताबाहेर असेल, तर तेवढा काळ मुदतीत धरायचा नाही. अर्थ नीट लक्षात घ्या. तुम्ही कुवेतमध्ये असताना तुमच्यावर दावा करणाऱ्याचं घड्याळ थांबतं. तुमचं स्वतःचं चालूच राहतं.

यात एक गंमत आहे. ज्या काळात हे कायदे ठरत गेले, त्याच सुमारास कुवेत मुंबईला जवळ येत होतं. १९१५ मध्ये इथं भारतीय टपाल कार्यालय उघडलं. १९२३ पासून भारतीय तिकिटांवर कुवेत हे नाव छापून ती इथं वापरली जाऊ लागली. १९२५ च्या राजाज्ञेनं इथल्या ब्रिटिश प्रजेला, म्हणजे तेव्हाच्या भारतीयांनाही, बरेच भारतीय कायदे लागू झाले. १९६१ मध्ये दिनार येईपर्यंत इथल्या बाजारात रुपया चालत होता. व्यवहाराच्या दृष्टीनं मुंबई तेव्हा फार 'पलीकडे' नव्हती. आजही मरीन ड्राइव्हवरून जाताना अल-सबाह कोर्ट आणि अल-जाबरिया कोर्ट या इमारती दिसतात. त्या इथल्या राजघराण्याच्या. कुवेतच्या माणसाची मिळकत मुंबईत आणि रत्नागिरीच्या माणसाची नोकरी कुवेतमध्ये, हा दुतर्फा रस्ता आहे. त्या रस्त्यावर कायद्याचा कागद पोहोचायला लागणारा वेळ मात्र दोघांच्याही वाट्याला येतो.

जुन्या दस्तांवर वाद का येतात, हेही या इतिहासात आहे. मुंबई मुद्रांक अधिनियम १९५८ चा, १६ फेब्रुवारी १९५९ पासून लागू. त्याला महाराष्ट्राचं नाव अलीकडे मिळालं. पूर्वी फ्लॅटचा विक्रीकरार पाच रुपयांच्या मुद्रांकावर होत असे. १० डिसेंबर १९८५ पासून नियम बदलला. ज्या करारात ताबा दिला आहे किंवा द्यायचं ठरलं आहे, तो करार म्हणजे जणू खरेदीखतच, असं धरून पूर्ण शुल्क लागू झालं. १९९५ मध्ये बाजारमूल्य ठरवण्याचे नियम आले आणि वार्षिक दरांचा तक्ता पक्का झाला. त्यामुळं वडिलांनी सत्तरीत किंवा ऐंशीत आखाती देशातून पैसे पाठवून घेतलेला फ्लॅट आज मुलगा विकायला काढतो, तेव्हा पहिला प्रश्न येतो: मूळ करारावर मुद्रांक किती? १९९० च्या ऑगस्टमध्ये इराकी फौजा इथं शिरल्यावर अम्मानमार्गे विमानांनी परत गेलेल्या पावणेदोन लाखांच्या आसपास भारतीयांत आपलेही अनेक होते. त्या धांदलीत ज्यांचे कागद इथंच राहिले, त्यांना नोंदणी कार्यालयातून दस्ताची प्रमाणित नक्कल मिळू शकते. नोंदणी झाली असेल तर. पाच रुपयांच्या कागदावर नोंदणीशिवाय केलेल्या कराराला ती वाटही नाही.

अशा जुन्या कागदांसाठी सरकार अधूनमधून अभय योजना आणतं. १ डिसेंबर २०२३ ला सुरू झालेली योजना १ जानेवारी १९८० ते ३१ डिसेंबर २०२० या काळातल्या दस्तांसाठी होती. १९८० ते २००० मधल्या दस्तावर एक लाखापर्यंतचं थकीत शुल्क आणि दंड दोन्ही पूर्ण माफ, असा तिचा ठळक भाग. तिची मुदत वाढत गेली, पण शेवटी संपलीच. सवलतीलाही तारीख असतेच.

परत साठ दिवसांकडे येऊ. कलमातला सगळ्यात महत्त्वाचा शब्द 'साठ' नाही, 'मिळाल्यापासून' हा आहे. आदेश निघाल्यापासून नव्हे, हातात पडल्यापासून. समुद्रापलीकडच्या माणसासाठी जुन्या सवलतीतून उरलेला आधार एवढाच. पण हा आधार निसरडा आहे. योग्य पत्त्यावर रजिस्टर टपालानं पाठवलेला कागद पोहोचला, असं कायदा गृहीत धरतो. तो पोहोचला नाही, हे दाखवण्याची जबाबदारी मग तुमच्यावर येते. २००७ मध्ये धनादेशाच्या एका प्रकरणात सुप्रीम कोर्टानं हेच तत्त्व पुन्हा सांगितलं. त्यातली नोटीस 'बाहेरगावी' असा शेरा मारून परत आली होती. तो खटला मुद्रांकाचा नव्हता, पण बंद घराच्या दारावरून परत गेलेल्या लखोट्याबद्दल कायदा कसा विचार करतो, ते त्यातून कळतं.

साठ दिवस उलटून गेले असतील तर? इथं बहुतेकांचा समज असतो की विलंब माफीचा अर्ज केला की झालं. कोर्टात तशी सोय आहे, मुदत कायद्याच्या कलम ५ मध्ये. 'पुरेसं कारण' दाखवलं की उशीर माफ होऊ शकतो. १९८७ मध्ये काश्मीरमधल्या भूसंपादनाच्या एका प्रकरणात सुप्रीम कोर्टानं सांगितलं की उशिराकडं उदार नजरेनं पाहावं, तांत्रिक कारणापुढं न्यायाला मागं सारू नये. त्या खटल्यात उशीर केलेला पक्ष सरकार होतं, आणि उशीर होता चार दिवसांचा. १९९८ मध्ये कोर्टानं ८८३ दिवसांचा उशीरही माफ केला. त्या माणसाला त्याच्या वकिलानं अंधारात ठेवलं होतं. किती दिवस, यापेक्षा कारण खरं आहे का, हे महत्त्वाचं, असं तेव्हा ठरलं. उलट २०१२ मध्ये टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा उशीर माफ झाला नाही. सरकारी काम असंच चालतं, ही सबब कोर्टानं स्वीकारली नाही.

पण हे सगळं कोर्टांचं. मुद्रांकाचं अपील जिथं जातं ते कोर्ट नाही, महसूल प्राधिकारी आहेत. २०१९ मध्ये तामिळनाडूतल्या एका प्रकरणात सुप्रीम कोर्टानं स्पष्ट केलं की मुदत कायदा न्यायालयांसाठी आहे. इतर प्राधिकाऱ्यांना उशीर माफ करायचा अधिकार त्यांच्याच कायद्यानं दिलेला असावा लागतो. कलम ५३ (१अ) वाचून पाहा, त्यात उशीर माफ करण्याबद्दल एक शब्दही नाही. मुदत चुकली की मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिकेची वाट आहे. ती खर्चिक आहे, आणि तिथंही पहिला प्रश्न हाच असतो की वेळेत अपील का केलं नाही. म्हणून विलंब माफीवर भिस्त ठेवून बसणं धोक्याचं.

एकदाच असं झालं की घड्याळ सगळ्यांसाठी थांबलं, आणि ते जलीबमध्ये राहणाऱ्यांना नीट आठवत असेल. ६ एप्रिल २०२० ला जलीब अल शुयूख आणि महबूला इथं पूर्ण टाळेबंदी लागली आणि ती जुलैपर्यंत राहिली. त्याआधीच भारतात उतरणारी विमानं बंद झाली होती. त्याच सुमारास, २३ मार्च २०२० ला, सुप्रीम कोर्टानं आपणहून मुदती वाढवल्या. १० जानेवारी २०२२ च्या अखेरच्या आदेशानं १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ न्यायालयीन आणि अर्धन्यायिक कामांच्या मुदतीतून वगळला. त्या काळात ज्यांची मुदत संपली, त्यांना १ मार्च २०२२ पासून किमान ९० दिवस मिळाले. १६२३ च्या त्या जुन्या सवलतीची ही जणू थोडक्यात झालेली पुनरावृत्ती. फरक एवढाच की या वेळी कायदा माणसाला नव्हे, साऱ्या जगालाच गैरहजर समजला.

मुदतीचा असाच झगडा शुल्काच्या परताव्यातही होतो. दोन निकाल लक्षात ठेवण्यासारखे आहेत. मुंबईतल्या एका खरेदीदाराचा करार १७ मार्च २०१५ ला रद्द झाला. तेव्हा परताव्याचा अर्ज करायला दोन वर्षं होती. २४ एप्रिलला कायदा बदलला आणि ती मुदत सहा महिन्यांवर आली. रद्द केल्याच्या दस्ताची नोंदणी झाली २८ एप्रिलला. चार दिवसांच्या फरकावर २७ लाखांहून अधिक रक्कम अडली. २४ जानेवारी २०२५ ला सुप्रीम कोर्टानं सांगितलं की हक्क रद्द केल्याच्या दिवशीच जन्माला आला, म्हणून जुनी मुदत लागू, पैसे परत करा. त्याआधी २०२४ मध्ये एका महिलेचं प्रकरण आलं. विकणाऱ्यानं तीच जागा आधीच दुसऱ्याला विकली होती. तिनं ऑनलाइन अर्ज मुदतीत केला होता, छापील कागद मागाहून गेला, म्हणून खात्यानं नकार दिला. कोर्टानं तिचा ऑनलाइन अर्ज ग्राह्य धरला. दोघांनाही कुणाची दया आली म्हणून पैसे मिळाले नाहीत. त्यांच्याकडं तारखा होत्या, आणि त्या सिद्ध करणारे कागद होते.

म्हणून या सगळ्या इतिहासाचा आपल्यासाठी अर्थ असा. लांब असणं हे कारण १८५९ पासून आपल्याकडं चालत नाही. चालते ती तारीख, आणि तुमच्या वतीनं ती पकडणारा माणूस.

तो माणूस नेमा. कुवेतहून कुलमुखत्यारपत्र करायचं तर ते दूतावासाकडून साक्षांकित करून घ्या. जानेवारी २०२२ पासून दूतावासाच्या अर्जसेवेचं एक केंद्र आपल्या जलीबमध्येच आहे. ते पत्र महाराष्ट्रात पोहोचल्यावर तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक भरावा लागतो, हे पुष्कळांना माहीत नसतं. त्यामुळं मदतीचा कागदच वादात सापडतो. परदेशात सही केलेला नोंदणीचा दस्त असेल, तर भारतात पोहोचल्यापासून चार महिन्यांत नोंदणीला द्यावा लागतो. कुलमुखत्यारपत्रात घर विकण्याबरोबरच 'नोटीस स्वीकारणे, उत्तर देणे, अपील दाखल करणे' हेही लिहून घ्या. नुसत्या विक्रीच्या अधिकारात ते आपोआप येईल असं धरू नका.

दस्तावर जो पत्ता लिहिला, तिथं आज कोण राहतं, हे एकदा बघा. बंद घराचा पत्ता असेल तर तो कळवून बदलून घ्या. आदेश आला की लखोटा फेकू नका. त्यावरचा टपालाचा शिक्का ही तुमच्या साठ दिवसांची पहिली साक्ष. कुणी घेतला, कोणत्या दिवशी, कुवेतला फोटो कधी पाठवला, हे वहीत लिहून ठेवा. उद्या उशिराचं कारण सांगायची वेळ आली, तर गेलेल्या दिवसांचा हिशेब लागतो.

गावाकडं आईवडील असतील तर आज रात्री फोनवर एवढंच विचारा: घराच्या नावानं रजिस्टर पत्र आलं होतं का? 'आलं होतं, ठेवलंय देवघराच्या फळीवर' असं उत्तर आलं, तर पुढचा प्रश्न तारखेचा.